कवळ्यांच्या खोलीचं कुलूप

माझी आत्या कवळ्या करायची. दातांचे डॉक्टर माप घेऊन पाठवत आणि ती भाड्याच्या एका खोलीत बसून मेणात एकेक दात लावायची. भिंतींवर फळ्या आणि फळ्यांवर ओळीनं प्लास्टरचे जबडे. माणूस वारला तरी त्याचा साचा ती टाकत नसे. "असू दे, खायला थोडाच मागतोय," म्हणायची. आतोबा तरुणपणीच गेले. त्यांचाही जबडा तिथंच होता. त्या खोलीत एकटं थांबायला आम्ही पोरं टरकायचो.

जुन्या मालकांनी तिला खोली तोंडी बोलीवर दिली होती. ते वारले आणि ती खोली त्यांच्या मुलाच्या डोळ्यांत खुपायला लागली.

एके सकाळी आत्याची किल्ली कुलपात शिरेचना. पाहते तर कुलूपच नवं. जिन्यावरून मुलगा म्हणाला, "काकू, खोली आम्हाला लागणार आहे. सामान न्यायला माणूस पाठवा."

"अरे, आत माझं काम अर्धवट पडलंय!"

"काम तुमचं, जागा माझी," असं म्हणून तो वर गेला.

तिनं खिडकीच्या काचेला कपाळ टेकवून आत पाहिलं. सगळे जबडे तिच्याकडे तोंड करून बसलेले. घरी आल्यावर तिनं हे सगळं सांगितलं.

बाबा भडकले. "ताई, चल, पहारीनं कुलूप तोडतो!" तक्रार द्यायला गेलो तर पोलीस म्हणाले, हे दिवाणी प्रकरण, कोर्टात जा. आत्या मात्र रोज त्या बंद दाराशी जाऊन उभी राहायची. एकदा तिला आतून तिच्या कवळ्या घासायच्या मोटरची घरघर ऐकू आली. मग ती घरीही ऐकू यायला लागली. जेवताना मध्येच हात थांबवून म्हणायची, "ऐका, चालू केली बघा." आम्ही कान टवकारायचो. कुठं काही नसायचं. आई बाबांना हळूच म्हणाली, "वन्सं मनातून पार खचल्यात."

शेवटी आई तिला ओळखीच्या एका वकीलबाईंकडे घेऊन गेली. त्या म्हणाल्या, "कुलूप अजिबात तोडू नका. तुम्ही तोल सोडावा याचीच ते वाट बघतायत. लेखी करार नसला तरी तुम्ही भाडेकरूच. कोर्टाच्या हुकमाशिवाय मालकालाही तुम्हाला बाहेर काढता येत नाही."

"पण जागा त्याचीच आहे ना?"

"मालकी कोणाची, ते कोर्ट आत्ता विचारणारच नाही. ताबा तुमचा होता आणि तो जबरदस्तीनं काढून घेतला, एवढं दाखवायचं. ताबा परत मागू, आतली मोडतोड थांबवायला मनाई मागू, नुकसानभरपाईही मागू. फक्त उशीर करायचा नाही. वेळ गेली की हा जवळचा रस्ता बंद होतो."

कोर्टात मुलाचा वकील म्हणाला, बाई आपणहून खोली सोडून गेल्या. तेव्हा वकीलबाईंनी खोलीची पाहणी मागितली. कोर्टाचा माणूस आला, दार उघडलं गेलं. आत मालकाच्या मुलानं कामाला लावलेला एक सुतार आत्याच्याच मोटरवर पटाशीला धार लावत बसला होता. टेबलावर मेणाची अर्धी कवळी तशीच होती. वरचे दात लावलेले, खालचे वाटीत. आपणहून जाणारं माणूस असं काम टाकून जात नाही, हे न्यायाधीशांनाही पटलं. निकाल लागेपर्यंत ताबा परत द्या, असा हुकूम झाला.

"म्हणजे मला भास होत नव्हते," आत्या सुताराबद्दल म्हणाली. पण घरी ऐकू येणारी घरघर काही थांबली नाही.

ताबा मिळाल्यावर आत्या खोलीत शिरली. फळ्या काढून जबडे पोत्यांत कोंबले होते. नावांच्या चिठ्ठ्या फाटल्या होत्या, कित्येकांचे तुकडे झाले होते. मी मदतीला गेले तर म्हणाली, "तू नको हात लावू." एकेक साचा उचलून ती आतून अंगठा फिरवायची आणि बाजूला ठेवायची. आतोबांचा एक सुळा वाकडा होता. संध्याकाळपर्यंत तसे दोन साचे निघाले. ती कधी हा, कधी तो हातात घेत राहिली.

"यातले ते कोणते गं?" तिनं मला विचारलं. आतोबांना मी पाहिलंही नव्हतं.

पुढं खटल्याचा पूर्ण निकालही तिच्या बाजूनं लागला. मालकाच्या मुलानं समोर यायचं सोडलं. आत्या त्याच खोलीत म्हातारी होईपर्यंत काम करत राहिली. पण टेबल तिनं खिडकीपासून ओढून दाराच्या समोर आणलं. तिथं उजेड पोचत नसे, भर दुपारी दिवा लावावा लागे. दार कायम सताड उघडं. जिन्यावर पावलं वाजली की मेणातला हात तसाच थांबायचा आणि येणारं माणूस दिसेपर्यंत ती श्वास सोडत नसे. म्हणून मी गेले की पहिल्या पायरीवरूनच हाक मारायची, "आत्या, मीच आहे गं!"