नळाची फिल्म

सत्तरच्या दशकात मी अकोल्याच्या एका साप्ताहिकाला रिसोड भागातल्या बातम्या पाठवायचो. रिठदच्या पलीकडच्या एका गावात नळयोजनेचं उद्घाटन झालं. उद्घाटनाला आलेल्या साहेबांची जीप वळली आणि नळ कोरडा पडला. मी ते छापलं. पाणीपुरवठ्याच्या कचेरीनं खुलासा धाडला, ‘बातमी ऐकीव आहे, नळाला पाणी आहे.’ तोही आम्हाला छापावा लागला. मी तणतणत पुन्हा त्या गावात गेलो.

टाकीला लागून घर असलेल्या काकू हसल्या. “लिहून काय होते, भाऊ? सोमवारी आनखी मोठे सायेब येऊन राह्यले. तू दिवस उगवाले ये. टाकीमांगं टँकर लागते, तुह्या डोयानं पाह्य.”

माझ्या डोळ्यांवर कोण विश्वास ठेवणार होतं? रिसोडला माझा मित्र होता, कापडाचा व्यापारी. बहिणीच्या लग्नासाठी त्यानं मुंबईहून चावीचा छोटा सिनेकॅमेरा आणि प्रोजेक्टर आणले होते. कॅमेरा मी मागितला.

“घेऊन जा. चावी पुरी भरजो अन् हात हालवू नको,” तो म्हणाला. माझं सगळं शिक्षण एवढंच.

सोमवारी काकूंच्या घराच्या धाब्यावर, मातीच्या सपाट छतावर, रचलेल्या तुराट्यांआड मी पालथा पडलो. टँकर खरंच आला! पाइप टाकीत सुटला. कॅमेरा घरघरत होता. मग साहेब आले. हार, टाळ्या, तोटीतून धो धो पाणी. जीप गेली. काकूंनी मुद्दाम घागर लावली. दोन थेंब पडले अन् नळ गप्प! मला ओरडावंसं वाटत होतं.

रीळ मुंबईहून धुऊन आलं तेव्हा मित्रानं भरदुपारी गोदामाची दारं लावली आणि पडद्यासाठी पांढरा लठ्ठा ताणून बांधला. गाव बैलगाड्यांनी आलं. कचेरीतल्या साहेबांनाही त्यानंच बोलावलं. काय दाखवणार, हे विचारायचं त्यांना सुचलं नाही.

फिल्म मुकी होती. पण टँकर दिसताच काकू ताडकन उभ्या राहिल्या. “थो पाहा! आमच्या नळाचं पानी थ्या टँकरात हाये!” मग सगळं गोदामच बोलायला लागलं. कुणी ड्रायव्हरला ओळखलं, कुणी साहेबांच्या भाषणाची नक्कल केली. घागरीत दोन थेंब पडले तेव्हा हसण्यानं पत्रे दणाणले. साहेब खुर्चीत अंग चोरून बसले होते. “पुन्हा लावा!” लोक ओरडले. आम्ही पुन्हा लावली.

या वेळी खुलासा आला नाही. पंधरवड्यात गावात बोअर खोदायची गाडी आली आणि पाणी लागलं.

पण माझं काम त्या दुपारीच बदललं होतं. एवढ्या बातम्या लिहिल्या, पण त्या वाचताना लोकांचे चेहरे मी कधी पाहिले नव्हते. गोदामातून बाहेर पडतो तोच, बाजाराला येऊन फिल्म पाहायला शिरलेल्या एका अनोळखी माणसानं माझा हात धरला.

“आमच्या इंझोरीले कवा येता? तिथं तं पूलच कागदावर हाये.”

मी मित्राकडे पाहिलं. त्यानं कॅमेरा माझ्या गळ्यात अडकवला. “जाय ना, पाहून काय राह्यला?”

मी एस.टी. स्टँडकडे अक्षरशः धावत सुटलो.