लॉइडचा लाल रुमाल

लॉइड हासनबाइनचं पोट एका लाल रुमालावर चालत होतं. ओहायोतल्या डेटन शहरात सकाळी टीव्हीवर गप्पांचा कार्यक्रम व्हायचा. त्याआधी लॉइड प्रेक्षकांना हसवून तयार करायचा, आणि कार्यक्रम सुरू झाला की कॅमेऱ्याशेजारी उभा राहायचा. रुमाल वर, की टाळ्या. तरुणपणी फिरत्या नाटक कंपनीत तो विदूषक रंगवायचा. कंपनी बुडाली, रुमाल उरला.

"बायांनो, नवऱ्याने न सांगता भांडी घासली असं समजा आणि वाजवा," तो म्हणायचा. चर्चच्या बसमधून आलेल्या बाया पोट धरून हसायच्या.

१९७४ च्या मार्चमधल्या एका मंगळवारी पाहुणा होता एव्हरेट. मुलांना पियानो शिकवणारा, अकरा वर्षं लॉइडच्याच घरात राहणारा. शेजाऱ्यांच्या लेखी भाडेकरू. आपलं प्रेम पुरुषावर आहे, हे तो तोंड न लपवता सगळ्या शहराला सांगणार होता.

सकाळी कॉफी ओतताना तो म्हणाला, "तुझं नाव निघणार नाही. फक्त मला शिव्या पडल्या की रुमाल वर करू नकोस."

"वेडा आहेस का? मी कशाला करीन?" लॉइड म्हणाला.

कार्यक्रमात एव्हरेटचं सांगून झालं, तशी तिसऱ्या रांगेतली जांभळ्या टोपीची बाई उठली. "माझी नात तुमच्याकडे शिकते. आता तिचे हात धुवायचे, की तुमचा पियानोच जाळायचा?"

काय करावं ते बायांना कळेना. सगळ्यांचे डोळे लॉइडकडे. काचेमागे निर्मात्याने बोट वर केलं. नटाचं असंच असतं, हात पुढे जातो, मन मागून येतं. शिवाय भीती होतीच. रुमाल वर गेला.

टाळ्यांचा पाऊस पडला.

एव्हरेटने आधी रुमालाकडे पाहिलं, मग लॉइडकडे. तेवढ्यात सूत्रसंचालकाने गोड आवाजात विचारलं, "घरी कोण असतं हो तुमच्या?"

"कोणी नाही. एकटाच राहतो."

पुन्हा बोट. पुन्हा रुमाल. या वेळी बाया उभ्या राहून वाजवत होत्या.

दुपारी लॉइड घरी गेला. पियानो जागेवर होता. कपाटाची एक बाजू रिकामी होती. सकाळचे दोन्ही कप एव्हरेटने धुऊन पालथे घातले होते.

बुधवारी नवी बस आली. लॉइडने रुमाल झटकला आणि भांड्यांचा विनोद केला. बाया रोजच्यापेक्षा जास्त हसल्या.