बेटावरचा लेखक

काका पहिल्यांदा आमच्याकडे जेवायला आले, तेव्हा ताटाला हात लावण्याआधी त्यांनी विचारलं, "बोलायला सुरुवात कोण करणार?"

आम्हाला वाटलं, गंमत करतायत. पण ते हात मांडीवर ठेवून खरंच वाट बघत बसले.

काका म्हणजे आमच्या ओळखीतले निवृत्त चीफ इंजिनियर. उभं आयुष्य बोटींवर काढलेलं. आता इथे सिंगापुरात, आंग मो किओला मुलीच्या फ्लॅटवर राहायचे. तरुणपणी त्यांची बोट दुरुस्तीसाठी ग्रीसच्या एका बंदरात काही महिने अडकून पडली होती. तिथल्या एका दुकानात इंग्रजी पुस्तकं चाळताना त्यांना जुन्या ग्रीक मेजवान्यांचा नाद लागला आणि तो कायमचा राहिला.

आमच्या टॅम्पिनीसच्या घरी रविवारी दुपारची पंगत सुरू झाली ती त्यांच्यामुळे. मी, माझा नवरा, काका आणि नवऱ्याचा एक मित्र. हा मित्र ऑडिटर आहे. दुसऱ्याने सांगितलेली कुठलीही गोष्ट तपासून पाहिल्याशिवाय त्याला चैन पडत नाही. काकांची मुलगी त्यांना खाली लिफ्टपाशी सोडून कामांना निघून जायची आणि चार वाजता न्यायला यायची. ती कधी वर आली नाही.

काका सांगायचे, ग्रीक लोक डाव्या कोपरावर रेलून जेवत. आधी नुसतं जेवण. मग ताटं उचलून, हात धुऊन, द्राक्षाच्या दारूत पाणी मिसळून पिणं आणि बोलणं. पाणी किती घालायचं आणि विषय कोणता घ्यायचा, हे ठरवायला एकाची निवड होई. बोलण्याची पाळी डावीकडून उजवीकडे फिरे. पुढच्या काळात तर अशा जेवणांवर मोठमोठे ग्रंथ लिहिले गेले. त्यातली विद्वान मंडळी समोर मासा आला की त्या माशावर आधी कोण काय म्हणून गेलंय ते सांगत, पेला आला की पेल्यावर.

"आणि गंमत काय माहितेय?" काका म्हणायचे. "ज्यांची वाक्यं ते सांगायचे, त्यातल्या कितीतरी लोकांची पुस्तकं आता उरलेलीच नाहीत. जेवताना कोणीतरी आठवण काढली, तेवढीच उरली."

आमच्याकडे दारूच्या जागी सोलकढी असायची. बाकी नियम तेच. पदार्थ वाढला की त्यावर कुठे वाचलेलं, ऐकलेलं काही सांगायचं. मी चांगी बिझनेस पार्कमध्ये एका बँकेत काम करते, दिवसभर मीटिंगांची टिपणं काढते. त्या सवयीने इथेही वही घेऊन बसायला लागले.

एकदा माझ्या हातून भाकरीचा तुकडा खाली पडला. मी उचलायला वाकले तर काका म्हणाले, "राहू दे. जेवताना खाली पडलं ते आपलं नाही. ते आपल्या गेलेल्या माणसांचं, असं मानायचे ते." सगळे जाईपर्यंत मी तो तुकडा उचलला नाही.

काका सगळ्यात जास्त सांगायचे ते एका लेखकाबद्दल. त्याचं नाव त्यांना आठवत नसे. "एका लहानशा बेटावरचा होता," एवढंच. सुरमई वाढली की म्हणायचे, "बेटावरचा तो लिहितो, समुद्रावरून आलेल्या माणसाला पहिले आठ दिवस मासा वाढू नये. त्याला जमिनीत पिकलेलं काहीतरी द्यावं, म्हणजे तो घरी आलाय हे त्याला कळतं." बांगड्यावर म्हणायचे, "ज्या दिवशी चांगला मिळतो, नेमकं त्या दिवशी जेवायला कोणी नसतं." आणि भातावर तर एक गोष्टच होती. एक बाई परदेशी गेलेल्या नवऱ्यासाठी रोज एक वाटी भात जास्त लावायची. उरलेला दुसऱ्या दिवशी फोडणी देऊन खायची. तो येईपर्यंत तिच्या वाट्याला ताजा भात म्हणून आला नाही.

हे सांगताना काकांचा आवाज बदलायचा. थोडा बारीक, थोडा घाईचा, कोणीतरी काम करता करता बोलावं तसा. मी वहीत लिहून घ्यायची. हळूहळू मला ती वाक्यं इतर वेळीही ऐकू यायला लागली. वेट मार्केटमध्ये मासा निवडताना, भात लावताना. मी वाटी मोजायची आणि पाठीमागे कोणी उभं आहे असं वाटून वळून बघायची.

दोन वर्षं अशी गेली. मग एका रविवारी ऑडिटरने फोन बाजूला ठेवला आणि म्हणाला, "काका, रागावू नका. पण मी सगळीकडे शोधलं. लायब्ररीत विचारलं. ग्रीक शिकवणाऱ्या एका प्राध्यापकांना मेल केली. असा कोणी बेटावरचा लेखक नाही. ही वाक्यं कुठेच नाहीत."

काका ताटाकडे बघत राहिले. "बेट लहान होतं," ते म्हणाले.

"तरी कुठेतरी उल्लेख असेल ना?"

काकांनी पाणी मागितलं. ग्लास तोंडापर्यंत नेला आणि न पिताच खाली ठेवला. मग माझ्याकडे बघून हलक्या आवाजात विचारलं, "मग मला हे कोणी सांगितलं गं?"

त्यांच्या डोळ्यांत खोटं पकडलं गेल्याची लाज नव्हती, भीती होती. चार वाजता मी त्यांना खाली सोडायला गेले, तर लिफ्टमध्ये त्यांनी माझा हात धरून ठेवला होता.

पुढचे तीन रविवार ते आले नाहीत. मग मुलीचा फोन आला. "बाबा नीट जेवत नाहीयेत. ताट समोर आलं की गप्प बसून राहतात. तुमच्याकडे काही झालं का?"

मी वही घेऊन आंग मो किओला गेले. काका आत झोपले होते. घडलेलं सगळं मी तिला सांगितलं आणि वही पुढे केली. तिने दोन पानं वाचली. भाताची गोष्ट आली तशी ती थांबली, उठून खिडकीपाशी गेली.

"हे आईचं आहे," ती म्हणाली.

तिची आई रत्नागिरीच्या बाजूला एका खाडीकाठच्या गावात राहायची. काका बोटीवर असताना त्यांना दर आठवड्याला पत्र लिहायची. काय शिजवलं, बाजारात काय मिळालं, कोण जेवायला होतं. काका ती पत्रं जपून ठेवायचे, पण एकदा घर बदलताना पेटीच हरवली. आई गेली तेव्हा त्यांची बोट भर समुद्रात होती. ते पोचले तेव्हा दिवसही होऊन गेले होते.

"त्यानंतर बाबांनी तिचं नाव घेतलेलं मी ऐकलं नाही," मुलगी म्हणाली. "मला वाटायचं, विसरले."

डॉक्टरांनी मागच्याच महिन्यात तिला सांगितलं होतं, काकांची स्मृती ढासळतेय. पण वहीतली पहिली पानं त्याच्या कितीतरी आधीची होती.

दोन वर्षं आम्ही रविवारी एका बाईचं बोलणं ऐकत होतो, आणि आमच्यापैकी कोणी तिला पाहिलं नव्हतं.

त्यांना सांगायचं की नाही, यावर आम्ही बरंच बोललो. शेवटी काही ठरलं नाही. पुढच्या रविवारी मुलगी काकांना घेऊन पहिल्यांदाच वर आली आणि त्यांच्या शेजारी बसली. ऑडिटरने आल्या आल्या काकांच्या पायांना हात लावला. "काका, माझं चुकलं. मी चुकीच्या ठिकाणी शोधत होतो."

मी बांगडा वाढला. काकांनी हात मांडीवरच ठेवले. मग मुलीने विचारलं, "बाबा, बांगड्यावर ती काय म्हणायची?"

'तो' नाही, 'ती' असं म्हणाली. काकांनी मान वळवून तिच्याकडे पाहिलं. मला वाटलं, आता रडतील, नाहीतर उठून जातील. त्यांनी सावकाश एक काटा बाजूला काढला. "म्हणायची, चांगला मिळतो त्या दिवशी नेमकं कोणी नसतं." मग सगळ्यांवरून नजर फिरवली. "आज आहेत बरेच."

आणि ते जेवले.

त्यानंतर वर्षभर पंगत चालली. नंतर त्यांचे शब्द कमी होत गेले. आता ते बोलत नाहीत, मुलगी भरवते तेवढं खातात. वहीची प्रत मी तिला करून दिली. तिने ती पेन्सिल घेऊन वाचली. बहुतेक वाक्यांपुढे बारीक खूण केली, आईची म्हणून. सात वाक्यं मात्र तशीच सोडली.

"ही आईची नाहीत," ती म्हणाली. "आई असं बोलली नसती."

ऑडिटरने ती शोधून पाहिली. तीही कुठे नाहीत. त्यातलं एक असं आहे: "दारात उभी असते ती जेवायला आलेली नसते. आत काय बोलणं चाललंय, ते तिला ऐकायचं असतं." हे कोणत्या रविवारी, कोणत्या पदार्थावर निघालं, ते आमच्यापैकी कोणालाच आठवत नाही. अक्षर माझंच आहे.