माझीच साक्ष माझ्या हातात

वडिलांना मारलं ते मी पाहिलं होतं. शेतात जायच्या वाटेवरून आमच्या दारासमोर भांडण झालं आणि माझ्या धाकट्या बहिणीच्या मोठ्या दिराने बैलगाडीची खुंटी उपसून त्यांच्या उजव्या कोपरावर घातली. मी दहा पावलांवर उभी होते. हाड मोडल्याचा आवाजही मला ऐकू आला होता.

बहिणीचं सासर आमच्याच गावात, दोन गल्ल्या पलीकडे. साक्रीच्या कोर्टात माझी साक्ष होती, त्याच्या आदल्या दुपारी ती आली. सातवा महिना चालू होता. उंबऱ्यातच बसली आणि म्हणाली, "अक्का, तू खरं सांगशी ते माले घरमाईन काढी देतीन." रडली नाही. पाणी पिऊन निघून गेली.

दुसऱ्या दिवशी मी शपथ घेतली आणि सांगितलं, "मी घरात होते. आवाज ऐकून बाहेर आले तेव्हा वडील खाली पडले होते. कोणी मारलं ते मी पाहिलं नाही." सरकारी वकिलांनी मला फितूर ठरवून उलटसुलट विचारलं. मी खाली बघून तेच म्हणत राहिले. वडील मागच्या बाकावर बसून ऐकत होते. पुढे, वडील पायरीवरूनही पडले असू शकतात असं म्हणत कोर्टाने संशयाचा फायदा देऊन आरोपीला निर्दोष सोडलं.

सरकारने अपील केलं नाही. वडिलांनी स्वतःच धुळ्याच्या जिल्हा न्यायालयात केलं. जखमी माणसाला तो हक्क असतो, हे त्यांना कोणीतरी सांगितलं होतं. त्यांचा कोपर आखडलेला, बसमध्ये चढताना दांडा धरता येत नसे, म्हणून प्रत्येक तारखेला मी सोबत जायचे. कागदांची पिशवी माझ्याकडे. त्यातच माझ्या साक्षीची नक्कल होती. साक्री ते धुळे ती मांडीवर घेऊन बसायचे. घरी मला कोणी एका शब्दाने बोललं नव्हतं. बोलले असते तर बरं झालं असतं.

तिसऱ्या वर्षी वडील पाणी प्यायला बाहेर गेले असताना मी आमच्या वकिलांना विचारलं, "मी आता खरं सांगितलं तर?"

त्यांनी चष्मा काढला. "अपिलात कोर्ट झालेल्या साक्षीच वाचतं. पुन्हा साक्ष घ्या असा अर्ज देता येतो, पण मंजूर होईलच असं नाही. आणि तेव्हा शपथेवर खोटं बोललात, हे तुम्हाला कबूल करावं लागेल. गुन्हा तुमच्यावरही होऊ शकतो."

"अर्ज लिहा," मी म्हणाले.

वडील दारात उभे होते. कधी आले ते कळलं नाही. "लिहू नका साहेब," ते म्हणाले. मग माझ्याकडे वळून, "तिला आता दोन पोरं आहेत."

"मग आबा, हे अपील कशाला?"

"मी काही पायरीवरून पडलो नाही. मला मारलं. एवढं कुठंतरी लिहून यावं."

ते लिहून आलं नाही. निकालाच्या दिवशी वकिलांनी आम्हाला समजावून सांगितलं. खालच्या कोर्टाचं मत शक्य कोटीतलं असेल, तर वरचं कोर्ट सहसा ते बदलत नाही. जखमीची सख्खी मुलगीच काही पाहिलं नाही म्हणते, असंही निकालात होतं. अपील फेटाळलं. हायकोर्टाचं त्यांनी विचारलं, तेव्हा वडील नको म्हणाले. परतीच्या बसमध्ये त्यांनी मला खिडकीची जागा दिली आणि सबंध रस्ता डोळे मिटून बसले. झोपलेले नव्हते.

त्यानंतरच्या आखाजीला, अक्षय्य तृतीयेच्या सणाला, बहीण मुलांना घेऊन माहेरी आली. मांडे करताना आम्ही दोघीच चुलीपाशी होतो. मी तिला सांगितलं, "धुळ्याला मी खरं सांगणार होते."

"माहीत होतं," ती म्हणाली. "तुम्ही तारखेला निघालात की मी मुलांचे कपडे पिशवीत भरून ठेवायची. अजून तशीच शे ती पिशवी."

"आता निकाल लागला. सोड ना ती."

तिने खापरावरचा मांडा उलटला, वाफ तोंडावर आली तशी मान वळवली. "तुमच्यापुरता निकाल लागला, अक्का. सासरचे अजून मला विचारतात, तुझी बहीण पुढे काय करणार."

मी पुढचा मांडा हातावर पसरायला घेतला. बाहेर वडील डाव्या हाताने तिच्या धाकट्याला झोका देत होते.