पंचनाम्यात नसलेली वाट

देशातला पहिला टोलचा एक्स्प्रेसवे बांधला गेला तेव्हा त्याच्या आखणीच्या कामावर मी होतो. ही गोष्ट मी इतक्या जणांना ऐकवली आहे, की पाहुण्यांसमोर ती सुरू झाली की बायको चहा टाकायला उठते. डिप्लोमा झाल्यापासून मोजणीचंच काम करत होतो. खांद्यावर दुर्बिणीची तिपाई, हातात फील्डबुक, आणि पुढे डोंगर. गाव कुठलं, शेत कुणाचं, हे बघायला वेळ नसायचा. खुंटी ठोकायची, आकडा लिहायचा, पुढची खुंटी. रस्ता सुरू झाला तेव्हा आईवडलांना गाडीत बसवून मुद्दाम घेऊन गेलो आणि सगळ्या वाटेत मीच बोलत होतो.

आता निवृत्त होऊन वसईत तिसऱ्या मजल्यावर राहतो. राहतो म्हणजे येरझाऱ्या घालतो. बायको म्हणते, तुम्हाला खुर्ची चावते का? चावते. त्यातच आमच्या गावी, चांदीपला, शेतावरून नवा एक्स्प्रेसवे जाणार अशी बातमी आली आणि माझ्या पायाला भिंगरीच लागली. गावच्या घरी थोरला भाऊ आणि वहिनी असतात. शेती दादाच करतो. मी फक्त तांदूळ आणायला जातो, हे कबूल केलेलं बरं.

खरं सांगायचं तर बातमीने मला आनंद झाला होता. दादाला मी नकाशा उलगडून दाखवला, उतार किती, भराव किती उंच हे समजावलं. तो ऐकत होता. मग त्याने एकच विचारलं, "पल्याडच्या तुकड्याला जायचं कसं?"

आमचं घर आणि खळं रस्त्याच्या अलीकडे राहणार होतं आणि शेताचा मोठा तुकडा पलीकडे, ओढ्याला लागून. मध्ये उंच भराव, दोन्ही बाजूंना कुंपण. मी म्हटलं, "वाट असेल तिथे खालून बोगदा ठेवतात. ट्रॅक्टर जाईल एवढा. काळजी करू नकोस." मोठ्या अधिकाराने म्हटलं. दुसऱ्या दिवशी भूसंपादनाच्या कार्यालयात जाऊन आराखडा बघितला. आमच्या शेतात बोगदा नव्हता. ट्रॅक्टरने वळसा घालून पलीकडे जायचं तर दोन गावं ओलांडावी लागणार होती. दादाचा गुडघा आधीच कुरकुरतो. पेरणीला, लावणीला, राखणीला रोज तेवढं जाणं त्याच्याने होणार नव्हतं. बोगदा नाही म्हणजे तो तुकडा पडीक, आणि तो तुकडा पडीक म्हणजे दादाची शेती संपली.

कारण पंचनाम्यात होतं. आदल्या वर्षी श्रावणात मोजणीवाले आले होते. त्यांनी दादाला विचारलं, इथून रस्ता किंवा वहिवाट आहे का? दादा म्हणाला, नाही. तसं लिहिलं गेलं, त्याला वाचून दाखवलं, त्याने सही केली.

माझ्या डोक्यात तिडीक गेली. तडक चांदीपला गेलो. "तू नाही कसं म्हणालास? बाबांच्या आधीपासून तिथून अख्खा गाव जातो."

"जातो ना. दिवाली झाल्यावर."

"मग?"

"ते सरावनात आलते. सरावनात कुठं वाट हाय? भात हाय."

त्याचं बरोबर होतं, म्हणून तर मला जास्त राग आला. आमच्याकडे ती वाट कापणीनंतर उघडते. दादा स्वतः फावडं घेऊन बांध फोडतो आणि पहिली गाडी शेजाऱ्याची जाऊ देतो, मग आपली. मग वैशाखापर्यंत तिथून भाताचे भारे जातात, लग्नाची वऱ्हाडं जातात, शाळेची मुलं जातात. पावसाच्या तोंडावर बांध पुन्हा घातला जातो आणि त्या दिवसापासून ती वाट नसते. उभ्या पिकातून कुणी वाट आहे म्हणायचं नाही. म्हटलं तर कुणीतरी चालेल. लहानपणी मी एकदा तिथून धावलो होतो, तेव्हा बाबांनी कान पिळला होता आणि विचारलं होतं, वाट दिसते काय तुला इथे? मी रडत नाही म्हणालो होतो.

पुढचे दोन महिने मी कार्यालयाच्या पायऱ्या झिजवल्या. उपग्रहाचे फोटो नेले. उन्हाळ्यातल्या फोटोत सगळ्याच शेतांतून चाकोऱ्या दिसतात, त्यातली वाट कुठली, असं विचारलं गेलं. शेजाऱ्यांच्या सह्यांचा अर्ज दिला. शेवटी एक बाई अधिकारी म्हणाल्या, मी स्वतः जागेवर येऊन बघते. तारीख दिली ती भादव्यातली. मी म्हटलं, "मॅडम, दिवाळीनंतर या, आपोआप दिसेल." त्या म्हणाल्या, "काका, आराखडा त्याआधीच मंजुरीला जातोय."

घरी मला बसवेना. जेवताना उठायचो, गॅलरीत जायचो, परत यायचो. भादव्यात त्या येणार, उभं भात बघणार, आणि जाणार. त्यांना वाट दिसायला हवी होती. तिसऱ्या दिवशी मला उपाय सुचला आणि तो इतका सोपा वाटला की मी चप्पल घालूनच दादाला फोन लावला. वाटेपुरतं भात कापून टाक. गाडीच्या रुंदीएवढं, या बांधापासून ओढ्यापर्यंत.

दादा म्हणाला, "दाना दुधात हाय."

"माहीत आहे." दाणा अजून भरायचा होता, दाबला तर नुसतं दूध निघायचं.

"दुधातला दाना कोन कापतं?"

मी त्याला बोगद्याचं सांगितलं, गुडघ्याचं सांगितलं, तुला यातलं कळत नाही असंही म्हणालो. ते शेवटचं म्हणायला नको होतं. तो बरं म्हणाला.

पाहणीच्या आदल्या दिवशी त्याने कापलं. मी हजर होतो. मदत करू लागलो तर म्हणाला, तू राहू दे, तुझा हात नीट चालत नाय. वहिनी दिवसभर घराबाहेर आली नाही. हिरवंगार भात आडवं पडत गेलं आणि संध्याकाळपर्यंत ओढ्यापर्यंतची वाट मोकळी झाली, अगदी तिच्या नेहमीच्या वळणासकट. मला हायसं वाटलं. दादाचा चेहरा मी बघितला नाही, म्हणजे बघायचं टाळलं.

सकाळी मॅडम आल्या. माणूस चांगला. बूट चिखलात बुडाले तरी कुरकुर नाही. त्या वाटेने थोडं चालल्या, वाकल्या आणि एक धाट हातात घेतलं. कापल्या जागी ते अजून ओलं होतं.

"हे काल कापलंय ना?"

"हो, पण वाट इथूनच आहे," मी म्हणालो. "बापजाद्यांपासून. तुम्हाला दिसावी म्हणून—"

"काका, गेल्या वर्षी यांनीच सही केली आहे, वाट नाही म्हणून. आणि आता माझ्या भेटीच्या आदल्या दिवशी ही तयार केलेली आहे." आवाज चढवला नाही त्यांनी. "मी जे दिसतं तेच लिहू शकते."

त्यांनी लिहिलं ते मला वाचता आलं. नव्याने तयार केलेला मार्ग. दादाला विचारलं, तुम्हाला काही सांगायचंय का? दादाने मान हलवली, नाही म्हणून. अर्धं वाक्य बोलला असता तरी चाललं असतं, पण ज्या गोष्टीबद्दल एकदा सही दिली तिच्याबद्दल दुसरं बोलायचं त्याला जमेना.

गाडी गेल्यावर मी सुटलो. दिसतं तेच लिहिते म्हणे, दिसत नाही त्याचं काय, खुर्चीत बसून शेती कळते का, असं काय काय बोलत मी बांधावर येरझाऱ्या घालत होतो. दादा खाली बसून कापलेल्या भाताच्या पेंढ्या बांधत होता. गुरांना घालायच्या, दुसरा काही उपयोग नव्हता त्यांचा.

"तू असतास तिच्या जागी," तो वर न बघता म्हणाला, "तर काय लिवलं असतंस?"

मी थांबलो. पहिल्या एक्स्प्रेसवेच्या वेळी आम्ही आखणी केली ती दोन पावसाळे चालली होती. शेतात वाकलेल्या माणसांना मी लांबूनच ओरडून विचारायचो, इथून रस्ता आहे का? बहुतेक जण नाही म्हणायचे. मला ते बरं वाटायचं, काम लवकर उरकायचं. त्या फील्डबुकात एकाखाली एक किती वेळा नाही लिहिलं असेल, ते मला आजवर कधी आठवलंही नव्हतं.

"हेच," मी म्हणालो.

दादाने मान डोलावली. "मंग तिला नको बोलू," म्हणाला, आणि पुढची पेंढी बांधायला घेतली.