तणमोराची तीन अंडी

ती घटना आठवली की आजही मला माझाच राग येतो. तपास माझा होता, आरोपी मी पकडला, बक्षीसही मलाच मिळालं. तरी येतो.

निवृत्तीला दोन वर्षं उरली होती. बुधवार पेठेतला एक इलेक्ट्रॉनिक्सचा दुकानदार ठाण्यात आला. पेठेतला माणूस आपणहून ठाण्याची पायरी चढला की समजावं, एकतर पार्किंगची तक्रार आहे, नाहीतर प्रकरण गंभीर आहे. एका गिऱ्हाइकानं त्याच्याकडून बॅटरीवर चालणारी, आतलं तापमान कायम राखणारी पेटी बनवून घेतली होती आणि अर्ध्या अंशाचा फरक पडतो म्हणून तासभर हुज्जत घातली होती. अर्ध्या अंशानं काय कुणाचा जीव जाणार आहे, असं यानं विचारलं, तर गिऱ्हाईक शांतपणे म्हणालं, जाईल. पंधरा दिवस विचार करून दुकानदाराला वाटलं, हा बॉम्ब करतोय.

मला वेगळंच आठवलं. वनखात्याचं एक पत्र आठवडाभर माझ्या टेबलावर पडून होतं. विदर्भातल्या एका माळावरून तणमोराची तीन अंडी चोरीला गेली होती आणि तिथल्या गुराख्यांनी वायर लावलेली पेटी घेतलेला माणूस पाहिला होता. तणमोर म्हणजे गवताळ माळावरचा, साधारण कोंबडीएवढा पक्षी. माळ नांगरले गेले, तसा तोही आपल्याकडून जवळजवळ संपला. त्या वर्षी वनखात्याला सापडलेलं ते एकच घरटं होतं.

बिलावर गिऱ्हाइकाचा पत्ता होता, शनिवार पेठेतला. पंच घेऊन आम्ही सकाळीच धडकलो. आरोपी पन्नाशीचा, सुशिक्षित, परदेशी पक्ष्यांची पैदास करून विकणारा. आतल्या खोलीत अंडी उबवायचं मोठं यंत्र आणि त्यात तीन मातकट हिरवी, ठिपक्यांची अंडी. कोंबडीची आहेत, म्हणाला. मी म्हटलं, अहो, ही कोंबडी आम्हालाही दाखवा, मीही पाळीन म्हणतो.

आता माझी ख्याती सांगतो. माझा पंचनामा कुठल्या वकिलाला कधी फोडता आला नाही. यंत्राची पिन काढली, अंड्यांसकट ते कापडात बांधलं, लाखेचं सील ठोकलं, पंचांच्या सह्या घेतल्या आणि मुद्देमाल जीपमध्ये चढवला. पिन काढू नका, असं आरोपी दोनदा म्हणाला. मला वाटलं, पुरावा हातचा जातोय म्हणून तडफडतोय. मी त्याला गप्प केलं.

चौकशीची माझी पद्धत म्हणजे समोर बसवायचं आणि बोलायचं नाही. शांतता भल्याभल्यांना सोसत नाही. गुन्हेगार पाणी मागतो, निर्दोष माणूस घरी फोन मागतो. यानं दोन्ही मागितलं नाही. किती वाजले, एवढंच विचारत राहिला. वकिलाची वाट बघत असेल, असं मी धरून चाललो आणि फायली चाळत बसलो. चार तास गेले. मग तो उभाच राहिला.

"साहेब, लिहून घ्या. मीच आणली. कुणासाठी आणली तेही सांगतो. पण आधी यंत्र चालू करा. गार पडली असतील ती."

खरं सांगतो, आधी मला आनंदच झाला. गडी फुटला! त्याच्या बोलण्याचा अर्थ डोक्यात शिरायला अर्धं मिनिट गेलं आणि मी मुद्देमालाकडे धावलो.

नोकरीत पहिल्यांदा मी स्वतःचं सील स्वतः तोडलं. यंत्र चालू होईना, जीपच्या गचक्यांनी आत काहीतरी तुटलं होतं. प्रवासातल्या त्या पेटीची बॅटरी तर कधीच संपली होती. अंड्याला हात लावला, तर गार. आमच्या एक महिला हवालदार होत्या, महापालिका हद्दीत नव्यानं आलेल्या गावातल्या. त्या म्हणाल्या, "साहेब, आमच्या घरची कोंबडी खुडूक बसल्याली हाय. तिच्याखाली ठिवू."

वनाधिकाऱ्यांना फोन लावला. ते म्हणाले, माझी वाट बघू नका, निघा. बाईंनी अंडी रुमालात गुंडाळून पोटाशी धरली. कशी धरायची ते आरोपीनंच सांगितलं. सायरन वाजवत जीप खडकवासल्याच्या रस्त्याला लागली. आमदार चाललाय समजून लोक वाट देत होते. कोंबडीनं मात्र काही चौकशी केली नाही. तिन्ही अंडी पंखाखाली ओढून घेतली.

आठव्या दिवशी एक पिल्लू निघालं. बाईंनी फोन केला तेव्हा त्या रडत होत्या. पिल्लू पुढं प्रजनन केंद्रात गेलं, तिथं ते जगलं. उरलेली दोन अंडी फुटलीच नाहीत. पशुवैद्यांनी ती उघडली, तेव्हा आतली पिल्लं बरीच वाढलेली होती. साधारण जप्तीच्या दिवशी गेली असावीत, असं त्यांनी अहवालात लिहिलं.

आरोपीला शिक्षा झाली, माल मागवणाऱ्यालाही झाली. माझ्या पंचनाम्यात वकिलाला एकही चूक सापडली नाही. नव्या अधिकाऱ्यांसमोर बोलायला बोलावतात तेव्हा मी हीच केस सांगतो. सील लावण्याआधी आत जीव आहे का बघा, असं बजावतो. पोरं मान हलवतात आणि आरोपी कसा फुटला तेवढंच वहीत लिहून घेतात. मग मला पुढचं सांगावंच लागतं. त्या चोरानं तिन्ही अंडी विदर्भातून पुण्यापर्यंत जिवंत आणली होती. दोन मेली, ती पोलिसांच्या ताब्यात.