माझ्या सासऱ्यांची वेळ

माझ्या लग्नाचं घड्याळ मी स्वतः फिरवलं, हे मी बायकोलाही आजवर सांगितलेलं नाही. पण ते कळायला आधी माझे सासरे कळायला हवेत. साऱ्या मुलुंडात स्वतःच्या मालकीची वेळ असलेला हा एकच माणूस.

मुंबईचा जुना टाइम जाऊन अलाहाबादच्या सूर्यावर बेतलेली साऱ्या देशाची एकच वेळ झाली, तरी यांचं भिंतीवरचं घड्याळ एकोणचाळीस मिनिटं मागेच. म्हणायचे, "मुलुंडात सूर्य डोक्यावर आला की बारा. अलाहाबादच्या सूर्यानं मला भात का वाढायचा?" सासूबाई बिचाऱ्या भात दोनदा लावत, एकदा ऑफिसला जाणाऱ्या मुलांसाठी नि एकदा यांच्यासाठी. चाळीतल्या शेजारच्या रेडिओनं आठ वाजल्याचं सांगितलं, की हे गॅलरीतून त्याला शांतपणे ऐकवत, "अजून व्हायचेत." आणि कुणीही वेळ सांगितली, की यांचा प्रश्न ठरलेला, "आमचे की तुमचे?"

पत्रिकेत मुहूर्त छापला दहा वाजून बारा मिनिटं. आम्ही तो आमचा समजलो, त्यांनी त्यांचा. लग्नाच्या सकाळी त्यांचा निरोप आला, घड्याळ मांडवात टांगणार, अंतरपाट त्यावरच निघेल. माझा थोरला भाऊ भडकला. "पाहुण्यांसमोर पाऊण तास ताटकळायचं? वरात परत नेतो मी. सांगून ठेव तुझ्या सासऱ्याला." तो बोलला की करायचा. टांगायला खिळा मिळेपर्यंत ते घड्याळ आमच्या उतरायच्या खोलीत टेकवून ठेवलं होतं. मी मुंडावळ्या सावरत दार लोटलं आणि काटा पुढे सरकवला.

लग्न वेळेवर लागलं. गडबडीत त्यांच्या काही ध्यानात आलं नाही. पंगतीत वाढता वाढता मात्र त्यांची नजर एका पाहुण्याच्या मनगटावर गेली, मग आपल्या घड्याळावर. दोन्हीकडे तेच वाजलेले. तूप घेऊन ते घड्याळाखाली जाऊन उभे राहिले. मग घड्याळाला म्हणाले, "म्हातारपणी तूही त्यांच्यात गेलंस."

काटे त्यांनी मागे घेतले नाहीत. "घड्याळालाच पटलं, मग मी एकटा कशाला अडून बसू," म्हणाले आणि दुसऱ्या दिवसापासून सगळ्यांच्या पंक्तीला जेवू लागले. चाळीनं सुटकेचा निःश्वास टाकला. सासूबाई काही दिवस सवयीनं दुसरा भात लावत राहिल्या. तो उरायचा.

आता ते फार थकलेत. भेटायला गेलो की मलाच विचारतात, "जावईबापू, किती वाजले?" मी सांगतो ते मुकाट्यानं मान्य करतात. त्यांच्या घड्याळानं त्यांना दगा दिला नव्हता, मी दिला, एवढं त्यांच्यासमोर बसून सांगायचं देणं मी अजून लागतो.